संमतीपत्राला आव्हान देणाऱ्या समित्यांना आणि त्यांच्या वकिलांना खुले पत्र

प्रदूषणाविरुद्ध उभ्या राहिलेल्या गावोगावच्या संघर्ष समित्यांना आणि त्यांचं वकीलपत्र घेणाऱ्या माझ्या मित्रमैत्रिणींना,

सप्रेम नमस्कार.

कारखान्याला प्रदूषण नियंत्रण मंडळाने संमतीपत्र दिल्याचं कळलं की समितीच्या बैठकीतलं पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "आता हायकोर्टात रिट टाकू," म्हणजे सरकारी आदेशाला थेट उच्च न्यायालयात आव्हान देणारी याचिका. वर्गणी गोळा होते, वकील ठरतो, याचिका तयार होते, बातमीही छापून येते. मग प्रकरण न्यायालयाच्या सुनावणीच्या यादीत येतं आणि पहिल्या काही मिनिटांतच खंडपीठ विचारतं, कायद्यात अपिलाची सोय आहे, तिथे का नाही गेलात? या प्रश्नाला तयार उत्तर नसेल तर मेलेले मासे, विहिरीचं पिवळं पाणी, मुलांच्या अंगावरचं पुरळ हे सगळं फाइलमध्येच राहतं. पर्यायी मार्ग अवलंबण्याची मुभा देऊन याचिका निकाली निघते. गावात निरोप जातो की कोर्टाने अपील करायला परवानगी दिली. अपिलाचा तो हक्क संमतीपत्र निघालं त्या दिवसापासून तुमच्याकडे होता, आणि मधल्या काळात त्याची मुदत बहुधा उलटून गेलेली असते.

मी पर्यावरणाच्या प्रकरणांत काम करणारी वकील आहे. माझं म्हणणं थोडक्यात असं आहे. संमतीपत्रातल्या मजकुराशी भांडण असेल तर आधी अपील करा, तेही तीस दिवसांच्या आत. थेट उच्च न्यायालयात जायचं कारण असेल तर ते कारण याचिकेच्या पहिल्या पानांतच, तारखांसह मांडा. तिसरा मार्ग, म्हणजे अपिलाचा उल्लेखच टाळायचा आणि खंडपीठाच्या लक्षात येणार नाही अशी आशा ठेवायची, तो कृपा करून सोडून द्या. समोरचा वकील उभा राहतो तोच हा मुद्दा घेऊन.

आता कायदा काय म्हणतो ते बघू. १९७४च्या जल (प्रदूषण प्रतिबंध व नियंत्रण) कायद्याचं कलम २८ सांगतं की मंडळाने संमतीसंबंधीच्या कलम २५, २६ किंवा २७ खाली दिलेल्या आदेशाने बाधित झालेली कोणतीही व्यक्ती, आदेश कळवला गेल्यापासून ३० दिवसांत, राज्य शासनाने नेमलेल्या अपिलीय प्राधिकरणाकडे दाद मागू शकते. १९८१च्या हवा कायद्यात हेच कलम ३१ मध्ये आहे, आणि त्याचा आवाका जास्त मोठा, कारण त्या कायद्याखाली मंडळाने दिलेला कोणताही आदेश त्यात येतो. बऱ्याच समित्यांची, आणि खरं सांगायचं तर बऱ्याच वकिलांचीही, समजूत अशी असते की हे अपील कारखानदारासाठी आहे. त्याला संमती नाकारली तर त्याने करायचं. कलमात तसं कुठेही म्हटलेलं नाही. संमती देणारा आदेशही आदेशच असतो, आणि नाल्याच्या खालच्या अंगाला शेती असलेला माणूस त्या आदेशाने बाधित असतो.

अपिलीय प्राधिकरणाच्या निर्णयानंतर पुढचा टप्पा राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचा, म्हणजे पर्यावरणाचे वाद ऐकणाऱ्या खास न्यायाधिकरणाचा. महाराष्ट्रासाठी त्याचं पश्चिम विभागीय पीठ पुण्यात आहे. न्यायाधिकरणाच्या २०१०च्या कायद्याच्या कलम १६ नुसार तिथेही मुदत ३० दिवसांची, आणि सबळ कारण दिलं तर आणखी ६० दिवसांपर्यंत. त्यापलीकडे न्यायाधिकरणाला मुदत वाढवण्याचा अधिकारच नाही. तिथून सर्वोच्च न्यायालयात ९० दिवसांत जाता येतं, पण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १०० मधल्या कारणांवर, म्हणजे कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच. याचा व्यवहारातला अर्थ असा की पाण्यात काय सापडलं, किती सापडलं, कोणाच्या सांडपाण्यामुळे सापडलं, हा सगळा निवाडा खालच्या दोन टप्प्यांवर संपतो. तिथे जो पुरावा नोंदवला गेला नाही, तो वर जाऊन नव्याने उभा करता येत नाही.

थेट रिटचं आकर्षण मला कळत नाही असं नाही. हायकोर्टाचा दरारा असतो, स्थगिती पटकन मिळेल अशी आशा असते, आणि "आमची केस हायकोर्टात आहे" या वाक्याला गावात वजन असतं. पण एखादं संमतीपत्र समोर ठेवून ओळ न ओळ वाचा, आणि तुमचं भांडण नेमकं कशाशी आहे ते शोधा. त्यात उत्पादनांची यादी असते, प्रत्येकाचं महिन्याचं किंवा वर्षाचं प्रमाण असतं. रोज किती पाणी घ्यायचं, किती सांडपाणी तयार होणार, ते कुठे सोडायचं, हे असतं. सोडण्याआधीची मानकं असतात. नदीनाल्यात सोडायचं असेल तर सर्वसाधारण मानकांप्रमाणे बीओडी (पाण्यातली घाण कुजवायला जिवाणूंना लागणारा ऑक्सिजन) लिटरला ३० मिलिग्रॅमपर्यंत, सीओडी (तीच घाण रसायनाने मोजल्यावर लागणारा ऑक्सिजन) २५० पर्यंत, सामू म्हणजे पीएच ५.५ ते ९ च्या दरम्यान. चिमणीची उंची असते, इंधन कोणतं ते असतं, संमतीची मुदत असते.

आता यातला पाण्याचा हिशेब लावून बघा. समजा कारखाना रोज ४०० घनमीटर पाणी घेतो आणि सांडपाणी ६० घनमीटर दाखवतो. मालात किती गेलं, कूलिंग टॉवरमधून आणि बॉयलरमधून किती उडालं, बागेला किती घातलं, हे सगळं वजा करूनही जर दीड-दोनशे घनमीटरचा पत्ता लागत नसेल तर तुमची अर्धी केस तिथेच आहे. ते पाणी जातं कुठे? बोअरमध्ये सोडलं जातं का? रात्री टँकरने बाहेर जातं का? हा प्रश्न अपिलात विचारता येतो. मंडळाला उत्तर द्यावं लागतं, कारखान्याला प्रक्रियेचा आराखडा दाखवावा लागतो, पाहणीची मागणी करता येते. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली, म्हणजे रिट ऐकायला, बसलेलं उच्च न्यायालयाचं खंडपीठ हे आकडे चाळत बसणार नाही. दोन्ही बाजूंची प्रतिज्ञापत्रं एकमेकांच्या विरुद्ध गेली की न्यायालय म्हणतं की तथ्यं वादग्रस्त आहेत, रिटमध्ये ठरवता येणार नाहीत. त्यात न्यायालयाचं चुकतं असं मला वाटत नाही.

बाटलीचंही तसंच. ओढ्यातलं काळं पाणी भरून कोर्टात न्यायची हौस सगळ्यांना असते. छायाचित्रासाठी ती बरी. पण जल कायद्याच्या कलम २१ मध्ये नमुना कसा घ्यायचा ते लिहिलेलं आहे. आधी कारखान्याला नोटीस द्यायची, त्याच्या माणसासमोर नमुना घ्यायचा, त्याने मागणी केली तर दोन भाग करायचे, डबे सीलबंद करून दोघांच्या सह्या घ्यायच्या, मग प्रयोगशाळा. ही पद्धत मंडळाच्या नमुन्याला लागू आहे आणि ती पाळली नाही तर मंडळाचाच अहवाल पुरावा म्हणून टिकत नाही. मग तुमच्या बाटलीला कोण विचारणार? तिचा खरा उपयोग एवढाच की तिच्या आधारावर अपिलात अर्ज द्यायचा: या जागी, कायद्याने सांगितल्या पद्धतीने, आमच्या उपस्थितीत नमुना घ्या. बाटलीवर तारीख, वेळ, ठिकाण आणि भरणाऱ्याचं नाव लिहिलेलं असेल तर अर्जाला धार येते. नुसती बाटली असेल तर ती शोभेची.

आता तमिळनाडूतल्या थूथुकुडीच्या स्टरलाइट तांबे प्रकल्पाचं प्रकरण बघा, कारण या विषयावरचा सगळ्यात मोठा धडा तिथे आहे, आणि तो एका कंपनीला मिळालेला धडा आहे. तमिळनाडू मंडळाने ९ एप्रिल २०१८ रोजी संमतीचं नूतनीकरण नाकारलं. २२ मे रोजी आंदोलकांवर पोलिसांनी गोळीबार केला, १३ माणसं गेली. २८ मे रोजी राज्य शासनाने प्रकल्प कायमचा बंद करण्याचा आदेश काढला. कंपनी हरित न्यायाधिकरणात गेली आणि १५ डिसेंबर २०१८ रोजी तिथे जिंकलीसुद्धा. संमतीचं नूतनीकरण करा, असा आदेश तिला मिळाला. सर्वोच्च न्यायालयाने १८ फेब्रुवारी २०१९ रोजी तो रद्द केला. कारण सांडपाण्याशी संबंधित नव्हतं, वायूशीही नव्हतं. नूतनीकरण नाकारल्याविरुद्धचं अपील अपिलीय प्राधिकरणापुढे प्रलंबित होतं, आणि मधली पायरी ओलांडून थेट न्यायाधिकरणाकडे जाता येत नाही, असं न्यायालयाने स्पष्ट सांगितलं. शासनाच्या ज्या आदेशाविरुद्ध कायद्यात अपीलच नाही, तो आदेशही न्यायाधिकरणाच्या कक्षेबाहेर ठरला. बलाढ्य कंपनी, हाताशी देशातले नामवंत वकील, हातात अनुकूल निकाल, आणि तरीही चुकीच्या दारातून आत गेल्यामुळे सगळं शून्यावर आलं.

त्याच निकालात पुढे एक वाक्य आहे, जे सहसा कोणी सांगत नाही. सर्वोच्च न्यायालयाने कंपनीला सांगितलं की या सगळ्या आदेशांविरुद्ध उच्च न्यायालयात रिट करायला तुम्ही मोकळे आहात. म्हणजे एकीकडे पायरी ओलांडू नका असं बजावलं आणि दुसरीकडे २२६चं दार उघडं ठेवलं. कारण त्या आदेशांची गुंतागुंत अशी होती की त्यातल्या काहींना अपील होतं, काहींना नव्हतं, आणि सगळे एकमेकांवर अवलंबून होते. पुढे मद्रास उच्च न्यायालयाने १८ ऑगस्ट २०२० रोजी कंपनीच्या याचिका फेटाळल्या आणि २९ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केलं.

ही गुंतागुंत तुमच्याही वाट्याला येते, आणि इथे मला वकील मित्रांशी जरा जास्त बोलायचं आहे. कागद एक असतो, पण त्यातून वाटा तीन फुटतात. आपल्याकडचं संमतीपत्र बहुतेकदा एकत्रित असतं: जल कायद्याचं कलम २६, हवा कायद्याचं कलम २१ आणि घातक कचऱ्याच्या नियमांखालचं अधिकारपत्र (तो कचरा हाताळायची परवानगी), तिन्ही एकाच आदेशात. पहिल्या दोघांविरुद्ध अपील अपिलीय प्राधिकरणाकडे. तिसऱ्याचं काय? २०१६च्या घातक कचरा नियमांतला नियम २४ राज्याच्या पर्यावरण सचिवांकडे अपील देतो, पण अधिकारपत्र नाकारलं, निलंबित केलं किंवा रद्द केलं तर. ते मंजूर झालं म्हणून गावाने अपील करायचं, अशी सोय त्या नियमाच्या शब्दांत नाही. म्हणजे त्या भागापुरतं तुमच्यासमोर पर्यायी अपीलच नाही, आणि हे याचिकेत लिहायला हवं. बंदीच्या आदेशातही अशीच मेख आहे. मंडळ कारखाना बंद करण्याचा आदेश जल कायद्याच्या ३३-अ आणि हवा कायद्याच्या ३१-अ खाली एकत्र काढतं. ३३-अ च्या आदेशाविरुद्ध अपील थेट हरित न्यायाधिकरणात, कलम ३३-ब मुळे. ३१-अ च्या आदेशाविरुद्ध आधी कलम ३१चं प्राधिकरण. अपील लिहिताना कोणता भाग कोणत्या कलमाखाली आहे हे पानाच्या समासात पेन्सिलने लिहून काढा. माझ्या अनुभवात मोठे मोठे युक्तिवाद इथेच घसरतात.

पर्यावरण मंजुरी आणि संमतीपत्र यांचीही सरमिसळ होते. २००६च्या अधिसूचनेखालची पर्यावरण मंजुरी दिल्लीहून किंवा राज्यस्तरीय प्राधिकरणाकडून येते, तिच्याआधी जनसुनावणी असते, आणि तिच्याविरुद्धचं अपील सरळ हरित न्यायाधिकरणात जातं. संमतीपत्र मंडळ देतं, त्यासाठी जनसुनावणीची तरतूद जल कायद्यात नाही. त्यामुळे "आम्हाला न ऐकता संमती दिली, नैसर्गिक न्यायाचा भंग झाला" हा मुद्दा तितका सोपा नाही जितका तो याचिकेत दिसतो.

तर मग थेट उच्च न्यायालयात कधी जायचं? सर्वोच्च न्यायालयाच्या १९९८च्या व्हर्लपूल निकालापासून ही यादी वकिलांना पाठ आहे. मूलभूत हक्काची अंमलबजावणी हवी असेल, नैसर्गिक न्यायाचा भंग झाला असेल, आदेश देणाऱ्याला अधिकारच नसेल, किंवा कायद्याच्याच वैधतेला आव्हान असेल, तर पर्यायी उपायाची आडकाठी येत नाही. २०२१च्या राधाकृष्ण इंडस्ट्रीजच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा एकत्र मांडलं, आणि सोबत हेही बजावलं की तथ्यांचा वाद असेल तर उच्च न्यायालय हात आखडता घेऊ शकतं. मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या वकील संघटनेच्या प्रकरणात २०२२ साली हेही पक्कं झालं की हरित न्यायाधिकरण आल्यामुळे कलम २२६ आणि २२७ खालचे उच्च न्यायालयाचे अधिकार गेलेले नाहीत. अधिकार आहेतच, प्रश्न ते वापरले जातील का याचा आहे.

राज्यघटनेचं कलम २१, जगण्याचा हक्क, हे प्रत्येक याचिकेत असतं. नुसतं लिहून भागत नाही. कारखान्याला आधी पर्यावरण मंजुरी लागत असताना ती न घेताच संमती दिली असेल, ज्या क्षेत्रात शासनाच्या आदेशाने उद्योगाला बंदी आहे तिथेच दिली असेल, तर तिथे आकड्यांचा वाद नाही, कागद समोर ठेवला की संपलं. अशी केस रिटमध्ये टिकते. आणखी एक प्रकार आहे, तो विलक्षण आहे. जल कायद्याचं कलम २५(७) म्हणतं की परिपूर्ण अर्ज केल्यापासून चार महिन्यांत मंडळाने हो किंवा नाही काहीच कळवलं नाही तर संमती दिली असं मानायचं, तीही विनाअट. इथे आदेशच नाही. आदेश नाही तर अपील कशाविरुद्ध करणार? मंडळाच्या मौनातून जन्मलेल्या संमतीला आव्हान द्यायचं असेल तर उच्च न्यायालय, किंवा हरित न्यायाधिकरणाच्या कलम १४ खाली मूळ अर्ज, आणि त्याला वाद पहिल्यांदा उद्भवल्यापासून सहा महिन्यांची मुदत आहे.

आता तीस दिवसांबद्दल, कारण समित्या इथेच मार खातात. मुदत आदेश "कळवल्यापासून" मोजायची असते. कारखान्याला आदेश टपालाने किंवा संगणकावर मिळतो. गावाला कोणी कळवत नाही. मग तुमचे तीस दिवस कधी सुरू झाले? यावर वाद घालता येतो, आणि घालायलाच हवा, पण त्यासाठी तुम्हाला माहिती नेमकी कधी मिळाली हे सिद्ध करता आलं पाहिजे. माहिती अधिकारातल्या अर्जाची पोच, उत्तराचा लिफाफा, त्यावरचा टपालाचा शिक्का, हे जपून ठेवा. आणि एक गोष्ट फार कमी लोक वापरतात. जल कायद्याच्या कलम २५(६) प्रमाणे मंडळाने संमतीच्या अटींची नोंदवही ठेवायची असते, आणि त्या सांडपाण्याशी हितसंबंध असलेल्या किंवा त्याने बाधित कोणत्याही व्यक्तीला ती कामाच्या वेळात बघता येते. हवा कायद्यात तेच कलम ५१ मध्ये आहे. माहिती अधिकाराचे तीस दिवस वाट बघत बसण्यापेक्षा प्रादेशिक कार्यालयात जा, या कलमाचा उल्लेख करून लेखी अर्ज द्या, पोच घ्या. नोंदवही दाखवली तर उत्तम. नाही दाखवली तर ती पोच पुढे विलंब माफीच्या अर्जाला जोडायला उपयोगी पडते.

विलंब माफ होतो का? जल कायद्याच्या कलम २८च्या परंतुकात सबळ कारण असेल तर तीस दिवसांनंतरही अपील दाखल करून घेण्याची मुभा प्राधिकरणाला आहे, आणि त्याला वरची मर्यादा घातलेली नाही. हरित न्यायाधिकरणात मात्र ९० दिवसांची भिंत आहे. म्हणून पहिल्या टप्प्यावर उशीर झाला तर धावपळ करून निभावता येतं. दुसऱ्या टप्प्यावर नाही. अपील न करण्याची आणखीही एक किंमत आहे. जल कायद्याच्या कलम २९ खाली राज्य शासन मंडळाचे आदेश स्वतःहून किंवा अर्जावर तपासू शकतं, पण ज्या आदेशाविरुद्ध अपील करता येत होतं आणि केलं नाही, त्याला शासन हात लावू शकत नाही. मंत्र्यांना निवेदन देऊन फोटो काढणाऱ्या समित्यांनी हे कलम एकदा वाचावं. दिवाणी दाव्याचाही रस्ता त्याच कायद्याच्या कलम ५८ ने बंद केलेला आहे.

आणखी एक प्रसंग, जो समित्यांच्या नजरेतून हमखास सुटतो. मंडळाने संमती नाकारली, गावाने जल्लोष केला, आणि कंपनी गुपचूप अपिलात गेली. कलम २८ म्हणतं, अपील करणाऱ्याला आणि मंडळाला ऐकून निर्णय द्यावा. गावाचं नाव त्यात नाही. तिथे कंपनीच्या विरुद्ध उभा राहणारा एकटा मंडळाचा वकील, आणि त्याची तयारी किती असेल हे तुम्ही सांगायला नको. हस्तक्षेपाचा अर्ज तुम्हालाच द्यावा लागतो. १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने प्रा. नायडूंच्या प्रकरणात दिलेला निकाल आठवा. हैदराबादला पाणी पुरवणाऱ्या उस्मानसागर आणि हिमायतसागर तलावांच्या पाणलोटात एरंडेल तेलापासून रसायनं बनवणारा कारखाना. मंडळाने संमती नाकारली होती, अपिलीय प्राधिकरणाने ती द्यायला सांगितलं, आणि उच्च न्यायालयाने तेच कायम केलं. सर्वोच्च न्यायालयात गेल्यावर प्रश्न निघाला की कोणता घटक पाण्यात किती मिसळेल हे ठरवायला या प्राधिकरणांत शास्त्रज्ञ कुठे आहेत? तज्ज्ञांकडे प्रकरण सोपवावं लागलं.

त्या निकालातलं दुखणं अजून पूर्ण बरं झालेलं नाही, आणि हे मान्य केल्याशिवाय मी तुम्हाला अपिलाची वाट दाखवणं लबाडीचं होईल. कलम २८ प्रमाणे अपिलीय प्राधिकरण एका व्यक्तीचं किंवा तीन व्यक्तींचं असू शकतं. किती ते शासनाच्या मर्जीवर. शास्त्राची जाण असलेला माणूस त्यात हवाच, असं कलम म्हणत नाही. अपील शक्य तितक्या लवकर निकाली काढावं असं म्हणतं, पण किती दिवसांत ते नाही. मंडळ शासनाचं, प्राधिकरण नेमणारं शासनच, आणि न्यायालयात "पर्यायी उपाय आहे" असं सांगणारा वकीलही शासनाचाच. हा आक्षेप घ्यायचा असेल तर शासनाने ते दार चालू स्थितीत ठेवलं पाहिजे. जागा रिकामी असेल, सुनावणी महिनोन्‌महिने लागत नसेल, स्थगितीचा अर्ज कोणी ऐकायला तयार नसेल आणि तिकडे नाल्यात पाणी सुटलेलं असेल, तर तो उपाय कागदावरचा आहे. उपाय परिणामकारक असला पाहिजे, ही मूळ अट आहे.

पण हे सुद्धा अपील दाखल केल्यावरच सिद्ध होतं. अपील केलं, स्थगितीचा अर्ज सोबत जोडला, अमुक तारखेला तातडीने सुनावणीची मागणी केली, अमुक तारखेला स्मरणपत्र दिलं, कोणी बसलेलंच नाही असं कार्यालयातून लेखी कळलं: एवढी चार-पाच कागदं जोडलेली रिट घेऊन गेलात तर "तिथे का नाही गेलात" हा प्रश्नच उरत नाही. तेव्हा मागणीही माफक ठेवा. संमतीपत्र रद्द करा असं म्हणण्याआधी, अपील ठरावीक मुदतीत ऐका आणि तोवर सांडपाणी सोडू देऊ नका, एवढंच मागा. अशी मागणी खंडपीठाला मान्य करणं सोपं जातं, आणि दरम्यान तुमचं अपील जिवंत राहतं.

ज्यांच्या याचिका आधीच दाखल आहेत आणि अजून निकाली निघालेल्या नाहीत, त्यांनी वाट बघू नये. विलंब माफीच्या अर्जासह अपील आत्ताच दाखल करावं, रिट प्रलंबित असल्याचं त्यात स्पष्ट लिहावं आणि उच्च न्यायालयालाही अपिलाची माहिती द्यावी. दोन्हीकडे एकाच वेळी लपूनछपून चालवलेलं प्रकरण दोन्हीकडे बुडतं. याचिका मागे घ्यायचीच वेळ आली तर नुसतं "मुभेसह मागे" एवढ्यावर समाधान मानू नका. याचिका चालवण्यात गेलेला काळ विलंब माफीच्या वेळी विचारात घ्यावा, हे वाक्य आदेशात यावं म्हणून तिथेच, त्याच दिवशी विनंती करा. आदेश अपलोड झाल्यावर तो वाचून बघा, आणि वाक्य राहून गेलं असेल तर दुरुस्तीचा अर्ज त्याच आठवड्यात द्या.

आपली,
पर्यावरणाच्या प्रकरणांत काम करणारी एक वकील